छातीच्या उंचीवरची पोती

मंगळवारी सकाळी सव्वाआठ वाजता सरकारी कोठारातल्या तीन नंबरच्या गोदामाचे दार उघडले. आठ वाजून वीस मिनिटांनी परीक्षकबाईंनी शिडी मागितली.

घडले एवढेच. पण मित्रांनो, त्या गोदामात गेल्या एकोणीस वर्षांत एकाही परीक्षकाने शिडी मागितली नव्हती. हमाल एकमेकांकडे पाहू लागले. एकाने पाठीवरचे पोते खाली टेकवले. मुकादम पुढे आला.

"शिडी कशाला बाई? इथंच मारा की. हाताशी आहे पोतं."

"हाताशी आहे म्हणूनच," बाई म्हणाल्या.

त्या वेळी मी त्यांच्या उजव्या हातात होते.

मी धान्याची परखी आहे, आणि आता चांगलीच जुनी झाले आहे. तुमच्यापैकी पुष्कळांनी मला पाहिले नसेल. पितळेची पोकळ नळी, एका टोकाला पोलादी अणी, दुसऱ्या टोकाला लाकडी मूठ आणि एका अंगाला लांब खाच, असे माझे रूप आहे. पोत्यात मला खुपसतात, अर्धा वळसा देतात आणि बाहेर ओढतात. माझ्या पोटात मूठभर दाणे येतात. पोते उसवावे लागत नाही आणि आतला माल कळतो. हमाल मला डास म्हणत. मी पोत्यात शिरताना "चावला रे, चावला!" असे कुणीतरी ओरडे, आणि बाकीचे हसत.

माझा जन्म पितळकाम करणाऱ्या एका कारागिराच्या दुकानात झाला. माझी लांबी पट्टीने मोजली गेली नाही. माझ्या पहिल्या मालकाने हात पुढे केला, कारागिराने कोपरापासून मधल्या बोटापर्यंत सुतळी धरली आणि तेवढी नळी कापली. पोत्याच्या गाभ्यापर्यंत जायला ती लांबी पुरते. त्यामागच्या पोत्यापर्यंत मात्र मी पोचत नाही. ही गोष्ट तेव्हा कुणाला महत्त्वाची वाटली नाही, मलाही नाही.

ते मालक म्हणजे कुडुमकाका. त्यांचे खरे नाव कोठारात फारसे कुणी घेत नसे. दाणा दाढेखाली धरून ते 'कुडुम' असा आवाज काढत, क्षणभर डोळे मिटत आणि सांगत, "कापणीनंतर आठ दिवस उन्हात हवा होता, पाचच दिवस ठेवलाय." शेतकऱ्याला विचारले की तो मान खाली घालून म्हणे, "पाचच." त्यांचा नियम कडक होता. पोत्यांच्या थप्पीवर चढायचे, वरचे दोन थर बाजूला करायला लावायचे, मधल्या पोत्यांत परखी मारायची, आणि मगच सही. थप्पी फोडल्याशिवाय सही नाही, म्हणजे नाही. एकदा एका बड्या असामीचा ओला माल त्यांनी दारातून परत पाठवला. तीन वरिष्ठ येऊन गेले. काकांनी प्रत्येकाच्या तळहातावर चार दाणे ठेवले आणि म्हणाले, "तुम्हीच चावून बघा." एकानेही चावले नाहीत, आणि माल परत गेला.

हमालांचा त्यांच्यावर जीव होता. त्याचे कारण ऐका. पूर्वी पोते शंभर किलोचे असे. चाळिशीतल्या हमालांच्या पाठी कमानीसारख्या वाकलेल्या असत. काकांनी सहा वर्षे अर्ज लिहिले, एक फेटाळला की दुसरा. शेवटी पोते पन्नास किलोचे झाले. त्या दिवशी हमालांनी काकांना खांद्यावर घेऊन आवारात फिरवले, आणि मुकादमाच्या बापाने, तो तेव्हा मुकादम होता, मला हातात घेऊन तलवारीसारखे नाचवले. माझ्या आयुष्यातला तो सगळ्यात आनंदाचा दिवस.

त्यानंतर दोन वर्षांनी काका थप्पीवरून पडले. उजव्या गुडघ्याची वाटी फुटली. तीन महिन्यांनी ते काठी टेकत कामावर आले तेव्हा हमालांनी आपापसात ठरवून टाकले होते. आता काकांना चढायला लावायचे नाही, वाकायलाही लावायचे नाही. परखी मारायची पोती आपणच निवडून छातीच्या उंचीवर लावायची, थप्पीच्या चारही बाजूंना एकेक. माल तेव्हा सगळीकडे चांगलाच होता, त्यामुळे निवडण्यात खोटे काही नव्हते. काकांच्याही ते लक्षात आले असावे. त्यांनी मान्य केले. दुखरा गुडघा आणि समोर मांडून ठेवलेली माया, माणूस नाही कशी म्हणेल?

या एवढ्याशा प्रेमातून पुढे जे झाले ते मला सांगायचे आहे. मी पाहिले ते पाहिले म्हणून सांगेन आणि ऐकले ते ऐकले म्हणून.

काकांच्या शेवटच्या चार वर्षांत परीक्षकबाई त्यांच्या हाताखाली शिकल्या. दाणा चावायला शिकल्या, वास ओळखायला शिकल्या आणि छातीच्या उंचीवर परखी मारायला शिकल्या. काका निवृत्त झाले त्या वर्षी वरिष्ठांनी त्यांच्या सन्मानार्थ ही रीत नियमावलीत छापली. दर थप्पीला चार बाजूंनी चार पोती, उभ्या माणसाच्या छातीच्या उंचीवर. निरोपाच्या समारंभात ते पान चौकटीत बसवून काकांना भेट दिले. मलाही काकांनी त्याच दिवशी बाईंच्या हाती सोपवले.

मग परदेशी यंत्रे आली. डबीत दाणे टाकले की ओलावा आकड्यात दिसे. मला खणात ठेवले गेले. सहा वर्षे मी तिथे गंजलेल्या टाचण्यांबरोबर आणि सुकलेल्या शाईच्या बाटलीबरोबर काढली. मला वाईट वाटले, नाही म्हणत नाही. पण एक दिवस यंत्रांचे सुटे भाग येणे थांबले. सरकारकडे परदेशी चलन उरले नाही, असे टपाल आणणारा शिपाई सांगत होता. बाईंनी खण उघडला, मला साबणाच्या पाण्याने धुतले आणि म्हणाल्या, "चला आजीबाई, तुमच्याशिवाय भागत नाही." मी किती सुखावले! कोठारात एखादी जुनी वस्तू पुन्हा लागते, तेव्हा बाहेर काहीतरी बिघडलेले असते, हे मला तेव्हा उमगले नाही.

मित्रांनो, एक गोष्ट नीट लक्षात ठेवा. त्या वर्षी पाऊस वेळेवर पडला होता. आदल्या वर्षीही पडला होता. पीक उभे राहिले, कापले गेले, कोठारात आले. "देशात तीन वर्षे पुरेल इतका साठा," असे मोठमोठे फलक रस्त्यांवर लागले. सगळ्यांना बरे वाटले. आणि मागच्या दाराने मालमोटारी निघू लागल्या. कागदावर हुकूम होता, 'जुना साठा हलवणे'. धान्य बंदरावर जाई आणि तिथून जहाजाने बाहेर. त्याच्या बदल्यात इंधन आले, सीमेवरच्या फौजेसाठी दारूगोळा आला. हे सारे मी बाईंच्या पिशवीत पडून ऐकले. हमाल जेवणाच्या सुट्टीत बोलत.

"फलकावर तीन वर्षांचं आणि आत बघावं तर तीन महिन्यांचं नाही," एक म्हणाला.

"फलकच शिजवून खा मग," दुसरा म्हणाला. "लाकडाचा आहे, जळणही त्याचंच."

सगळे हसले. मुकादम हसला नाही.

मी मात्र दर महिन्याला छातीच्या उंचीवर शिरत होते आणि माझ्या पोटात दर वेळी टपोरे, सोनेरी, खणखणीत दाणे येत होते. बाई चाखत आणि लिहीत, 'उत्तम प्रत'. मग एका महिन्यात मी एका पोत्यात शिरले आणि थबकले. अणीला आधीच वाट होती. ताग तिथे सैल होता. ते माझेच जुने भोक होते. तीच चव, तेच दाणे. एकाच पोत्यात मी दुसऱ्यांदा आले होते. पुढल्या महिन्यात तिसऱ्यांदा. मला बोलता येत नाही, मित्रांनो. मला फक्त आत जाता येते आणि बाहेर येता येते.

बाईंची थोरली बहीण वरच्या खोऱ्यात शाळा चालवत होती. कोठारापासून खोऱ्यापर्यंत एकच रस्ता आणि त्यावर एकच पूल. निवडणुकीत खोऱ्याने सरकारविरुद्ध मत दिले. त्यानंतर महिनाभरात पुलावर तपासणीचा नाका बसला. खाजगी धान्य पुलापलीकडे न्यायला बंदी झाली. कारण असे दिले की चोरटा व्यापार थांबवायचा आहे. अलीकडच्या बाजारात भाव उतरले, पलीकडे सहापट झाले. पलीकडच्या ज्या दोघातिघांकडे साठा होता त्यांनी दुकानाला कुलूप लावले. आज विकण्यापेक्षा उद्या विकलेले बरे. लोकांनी शेळ्या विकायला काढल्या. पण सगळ्या गावाने एकाच आठवड्यात शेळ्या काढल्या की घेणार कोण? पहिल्या बाजाराला शेळीमागे एक पोते धान्य मिळाले, चौथ्या बाजाराला एक घमेले. मग लोकांनी दारांच्या फळ्या विकल्या. मग छपराचे पत्रे.

हे आकडे ताई फोनवर सांगत. शिक्षिकाच त्या, वर्गात शिकवावे तसे स्पष्ट सांगत. गेल्या शुक्रवारी संध्याकाळी बाई स्वयंपाकघरात होत्या आणि मी टेबलावर पिशवीतून अर्धी बाहेर डोकावत होते, तेव्हा पुन्हा फोन आला.

"ताई, पोती पोचली का? सरकारी कोट्यातली, शाळेची?"

"पोचली. तीस."

"सुटले बाई! मग आता महिनाभर तरी..."

"ऐक. पहिलं पोतं उसवलं, त्यात दाणे होते. पोरांनी टाळ्या वाजवल्या. मग बाकीची उसवली."

"काय झालं?"

"कोंडा निघाला. कोंडा आणि खाली खडे. एकोणतीस पोत्यांत."

बाईंनी गॅस बंद केला.

"नाक्यावर बदलली असतील," त्या म्हणाल्या.

"शिवण कोठाराची आहे. आणि चिठ्ठी आहे ना प्रत्येकावर. थांब, वाचते. 'तीन नंबर गोदाम. तपासले. उत्तम प्रत.' खाली सही." मग ताई म्हणाल्या, "किती वळणदार सही करतेस गं अजून. लहानपणी पाटीवर करायचीस तश्शी."

"ताई..."

"पटावर एकसष्ट आहेत. आज सव्वीस आली. बाकीच्यांच्या अंगात चालत येण्याइतकं बळ नाही. मी भांडायला फोन नाही केला. तू काय करणार आहेस, एवढं सांग."

 उत्तर लवकरच द्यावे लागणार होते. बंदराबाहेर एका मदतसंस्थेचे जहाज नांगर टाकून उभे होते. त्यात अठरा हजार टन धान्य होते. सरकार म्हणत होते, "आमच्याकडे साठा पुरेसा आहे, मदत नको." संस्था म्हणत होती, "मग तुमच्या सगळ्यात मोठ्या गोदामाच्या परीक्षकाचा दाखला द्या. साठा पुरेसा नसेल तर आम्ही माल उतरवू, पुरेसा असेल तर गुरुवारी दुपारी नांगर उचलून दुसऱ्या उपाशी मुलखाकडे जाऊ." सगळ्यात मोठे गोदाम म्हणजे तीन नंबरचे, आणि परीक्षक म्हणजे आमच्या बाई. मंगळवार तपासणीचा ठरला होता.

रविवारी दुपारी बाई मला घेऊन कुडुमकाकांकडे गेल्या. काका खिडकीपाशी बसले होते, पाय स्टुलावर, गुडघ्याला पट्टा. मला पाहून त्यांनी हात पुढे केला. मुठीवरून अंगठा फिरवला.

"डास अजून चावतो का?"

"काका, तुम्ही मला छातीच्या उंचीवर परखी मारायला का शिकवलंत?"

"अगं, सोपं पडतं म्हणून."

"कुणाला?"

काका हसले. "मला! आणखी कुणाला? विचार या गुडघ्याला. पण चारही बाजूंनी मारायची हं, तिथं आळस नाही करायचा."

"आणि ती पोती लावायचं कोण?"

"हमाल. गुणी पोरं. मला चढावं लागू नये म्हणून चांगला माल मुद्दाम तिथं..."

काका बोलता बोलता थांबले. भिंतीवर चौकटीतले ते पान होते. त्यांनी त्याच्याकडे पाहिले नाही. पण पाहायचे टाळताहेत, हे मला दिसले. बाईंनी ताईंचा फोन, एकोणतीस पोती, जहाज, सगळे सांगितले. काका मधेमधे फक्त "हं" म्हणत होते. 

"किती वर्षं झाली?" त्यांनी विचारले.

"नियम छापून दहा. रीत सुरू होऊन एकोणीस."

"आणि सगळ्या कोठारांत हीच रीत?"

"सगळ्या. तुमच्या नावानं शिकवतात."

काकांनी पाय स्टुलावरून खाली घेतला. "मला घेऊन चल परवा. मी चढतो."

"काका, तुम्हाला घरचा जिना चढवत नाही."

"मग तू चढ. आणि माझ्या नावाची भीड धरू नकोस. चौकट काढून ठेव त्या भिंतीवरची. जाताना आठवणीनं काढ, माझा हात पोचत नाही."

बाईंनी ती काढली. भिंतीवर पांढरा चौकोन राहिला.

मंगळवारी शिडी आली. मुकादमाने ती स्वतः धरली, पण धरण्याआधी तो बाईंच्या जवळ येऊन हळूच म्हणाला, "वर जाऊ नका बाई. आम्हाला ठाऊक आहे वर काय आहे."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"काकांसाठी सुरू केलं हो आम्ही. देवाशपथ. काका निवृत्त झाल्यावर बंद करणार होतो. पण साहेब म्हणाले, 'राहू दे तसंच, बरं दिसतं.' मग एकदा म्हणाले, 'आतली काढा, बाहेरची राहू द्या.' आमची पोटं इथंच आहेत, बाई. कोणाला जाऊन सांगायचं?"

"शिडी घट्ट धरा," बाई म्हणाल्या.

थप्पीची उंची बावीस थर होती. बाईंनी सर्वांत वरची ताडपत्री उचलली. खाली फळ्या होत्या. एक फळी सरकवली. थप्पीच्या पोटात विहिरीसारखी पोकळी होती. तळाशी रिकामी खोकी रचलेली, भिंती एकेका पोत्याच्या. बाई वाकून माझ्या अणीने भिंतीतली पोती भोसकत गेल्या. एकोणीस वर्षांनी मी पुन्हा थप्पीच्या आत होते. माझ्या पोटात कोंडा आला, भुसा आला, एकदा नुसती माती आली. तिथे अंधार होता आणि किडे मारायच्या औषधाचा वास होता. पण किडे नव्हते. त्यांनाही खायला काही नसावे.

दहा वाजेपर्यंत चोवीसपैकी पाच थप्प्या पाहून झाल्या. पाचही पोकळ. सेहेचाळीस पोती भोसकली. नऊंत धान्य निघाले. ती नऊही छातीच्या उंचीवरची.

दहा वाजून दहा मिनिटांनी कोठार अधिकारी आले. मुलांनो, गोष्टीतला दुष्ट माणूस डोळे लाल करून ओरडतो. हे साहेब ओरडले नाहीत. त्यांनी बाईंना खुर्ची दिली, पाणी दिले, आणि मग फॉर्म पुढे ठेवला. त्यावर छापले होते, 'साठा पुरेसा आहे / नाही. लागू नसेल ते खोडावे.'

"बाई, तुम्ही दमलात," साहेब म्हणाले. "शिडीवर चढायचं तुमचं काम नाही. नियमात नाही ते."

"साहेब, आत काही नाही."

"मला माहीत आहे."

बाईंनी पाण्याचा पेला बाजूला सरकवला.

"धान्य आहे. फक्त इथं नाही," साहेब शांतपणे म्हणाले. "ते विकलं, त्यातून वीज चालू आहे, दवाखाने चालू आहेत. आता तुम्ही 'नाही' लिहिलंत की संध्याकाळपर्यंत बातमी फुटेल. व्यापारी कुलपं लावतील. भाव वाढतील. इकडच्या शहरातसुद्धा माणसं मरतील. कोणामुळे? तुमच्या एका सहीमुळे. विचार करा."

"खोऱ्यात आत्ता मरताहेत."

"खोरं लहान आहे."

हे वाक्य मी जसे ऐकले तसेच सांगितले आहे. साहेबांचा आवाज चढला नव्हता. 

"आणि दुसरं असं बघा," साहेब पुढे म्हणाले, "दहा वर्षं तुमचीच सही आहे सगळ्या दाखल्यांवर. आज तुम्ही म्हणालात पोकळ, तर उद्या कोणीतरी विचारणारच, काल कसं भरलेलं होतं? गोत्यात कोण येईल?"

"मीच येईन," बाई म्हणाल्या. "दाणे मी चाखलेत."

त्यांनी पेन उचलले. 'आहे' हा शब्द एका रेघेने खोडला. वाचता येईल असाच खोडला, रेघ सरळ. खाली त्यांनी लिहिले, 'थप्प्या तपासल्या पाच, पोकळ पाच. पोती सेहेचाळीस, धान्य नऊंत.' मग सही केली, तीच वळणदार.

साहेबांनी कागद वाचला, घडी घातली आणि खिशात ठेवला. "ठीक आहे," ते म्हणाले. "दुसऱ्या परीक्षकांना बोलावलंय. दुपारी येतील. ते नियमाप्रमाणे तपासतील."

यापुढचे मला तुकड्यांतच माहीत आहे. बाईंची पिशवी, म्हणजे मी आणि बाईंचा फोन, साहेबांच्या खोलीतल्या लोखंडी कपाटात ठेवली गेली. कपाटाचे दार नीट लागत नाही, फटीतून ऐकू येते. अकरा वाजता गाडी आली. बाईंना चौकशीसाठी राजधानीला नेले. जाताना त्या मुकादमाला म्हणाल्या, "काकांना कळवा, मी चढले होते."

दुपारी एक वाजता साहेबांनी फळ्या आणि ताडपत्र्या पुन्हा घालायला सांगितले. मुकादमाचा आवाज मी स्पष्ट ऐकला. "नाही घालणार."

"काय म्हणालास?"

"आम्ही पोती लावली ती काकांसाठी. तुमच्यासाठी नव्हे. आता हात नाही लावणार."

मग लोखंडाचा खणखणाट झाला. हमालांनी पोती ओढायचे आकडे जमिनीवर टाकले, एकामागून एक. मी तीस मोजले. पावणेतीनला शिपाई आणले गेले. ताडपत्र्या शिपायांनी घातल्या की थप्प्या उघड्याच राहिल्या, हे मला कळले नाही. दुसरे परीक्षक चारला आले आणि वीस मिनिटांत गेले. गोदामात चोवीस थप्प्या आहेत. वीस मिनिटांत काय तपासून होते, हे तुम्हीच ठरवा. त्यांनी शिडी मागितल्याचे मी ऐकले नाही.

म्हणजे आता दाखले दोन आहेत. त्यांतला कोणता बंदरावर गेला, की दोन्ही गेले, की एकही गेला नाही, हे कपाटात कळत नाही.

बुधवारी सकाळी सातला बाईंचा फोन वाजला. मग सव्वासातला, मग आठला. दिवसभरात तो अकरा वेळा वाजला. पडद्यावर दर वेळी 'ताई' असे उजळत होते. बाराव्या वेळी तो वाजायला लागला आणि मध्येच बंद पडला. चार्जिंग संपले असावे.

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तू शेवटी सांगतात, आम्हाला पुसत जा, तेल लावत जा, अडगळीत टाकू नका. माझी तशी मागणी नाही. मी पितळेची आहे, अणी सोडली तर मला गंज चढत नाही. माझी लांबी एक हात आहे, हे फक्त विसरू नका. कुणी तुम्हाला सांगेल, "कोठार भरलेले आहे, या, हात लावून पाहा," तेव्हा हात लावा. पण तुमच्यासाठी म्हणून पुढे मांडलेल्या पोत्यावर थांबू नका. वर चढा. मागे जा. चढणाऱ्याची शिडी धरा. आणि ज्याने रीत घालून दिली तो कितीही भला असला, तरी ती रीत अधूनमधून उसवून पाहा. कुडुमकाका भले होते. मी त्यांच्या हातात सव्वीस वर्षे होते, हे मी सांगू शकते.

आज गुरुवार आहे. साहेबांच्या टेबलावर रेडिओ चालू असतो. दुपारी दोनच्या बातम्यांत पहिल्यांदा पिकाचे आकडे सांगितले, यंदाचे उत्पादन समाधानकारक. मग पुलावरच्या नाक्याची मुदत वाढवल्याचे सांगितले. शेवटी एक ओळ आली. बंदराबाहेरच्या जहाजाने बारा वाजून चाळीस मिनिटांनी नांगर उचलला आहे. ते धक्क्याकडे येत आहे की उघड्या समुद्राकडे जात आहे, हे सांगितले नाही. साहेबांनी रेडिओ बंद केला.